क्लेरच्या घरातली ऑडिशन

आता माझी फजिती ऐकायचीच असेल, तर आधी हातातला कप खाली ठेवा. सांडेल!

कतारमध्ये, मेसईदला, आमच्या कंपनी क्वार्टर्समध्ये लिफ्टचं दार मिटता मिटता आतली बाई फोनवर म्हणाली, "वरच्या क्लेरचे वडील आलेत. फ्रान्समध्ये विनोदी सिनेमे लिहितात, डायरेक्टही करतात. नव्या सिनेमासाठीच इथे—"

खलास! दार बंद. उरलेलं मीच पूर्ण केलं: नट शोधायला आलेत!

शाळेच्या नाटकांत मला कायम पडदाच ओढायला मिळाला हो. पन्नाशीत तरी एक रोल नको?

आणि माझ्या पोटात काही राहतं का? शुक्रवारी क्लेरच्या दारात ही गर्दी! पुण्याचे जोशी फेटा बांधून, नाशिकच्या वहिनी नऊवारीत, मी चकल्यांचा डबा घेऊन.

क्लेरच्या वडिलांनी, जेरोमकाकांनी, गुपचूप खुर्च्या मांडल्या. जोशींनी दारुडा केला. वहिनी ढसाढसा रडल्या. मी तर सासू, सून आणि शेजारीण एकटीनेच केली!

"अगं, श्वास घे!" मागून आमचे हे ओरडले.

काका एवढे हसले की चष्मा पडला.

"मग? कोण सिलेक्ट?" मी क्लेरला विचारलं.

"कशासाठी?" ती गोंधळली. "बाबांना वाटलं, तुमच्याकडे नव्या शेजाऱ्याचं स्वागत असंच करतात! ते इथे शांतपणे लिहायला आलेत."

शांतपणे! धरणीमाय, घे गं पोटात!

मग कळलं, काकांनी उमेदवारीत दुसऱ्यांना विनोद लिहून दिले, पुढे स्वतःचे पाच सिनेमे केले. दोन धो धो चालले, तीन आपटले. गेली चार वर्षं एक पानही सुचलं नव्हतं.

पण दुसऱ्या दिवशी सकाळी काकाच आमच्या दारात! हातात वही, सोबत क्लेर. "बाबा म्हणतात, काल थांबलात तिथून पुढे बोला."

मी तीन आठवडे बोलले. यल्ला! इथल्या अरबीत 'चला, होऊ दे'!

यंदा सिनेमा आला आणि तुफान चालला. हिरॉईन कोण? भोचक शेजारीण! म्हणजे आमच्यातलं कुणीतरी घेतलंच की. फक्त बोलणं माझं, आणि रोल पॅरिसच्या नटीला.

शूटिंगच्या आधी तिने मला व्हिडिओ कॉल केला होता, मध्ये दुभाषी क्लेर. मी दोन तास मन लावून शिकवलं. शेवटी क्लेर म्हणाली, "तिचा एकच प्रश्न आहे. या बाई थांबतात कशा?"

आमचे हे पेपरातून डोकं न काढता म्हणाले, "कळलं तर मलाही सांगा. सव्वीस वर्षं शोधतोय."