राखून ठेवलेला गोलकीपर

आमच्या तालमीच्या कट्ट्यावर किस्से कुणी मुद्दाम गोळा करत नाही, ते आपोआप साठतात. नळाखाली लावलेली घागर आपलं लक्ष नसताना भरून वाहू लागते, तसे. मला रोज चार ओळी लिहून ठेवायची जुनी सवय आहे. एरवी त्यात असतं काय? कोण आलं, मॅच काय झाली, पाऊस पडला की नाही. पण यानिस आमच्याकडं खेळायला होता, त्या हंगामात चार ओळी कधी पुरल्या नाहीत.

बाहेरगावच्या मंडळींना एक गोष्ट आधी सांगितली पाहिजे. कोल्हापुरात फुटबॉलचे संघ तालमींचे असतात. आत लाल मातीच्या हौद्यात पैलवान घुमतात आणि त्याच तालमीच्या नावाचा टी-शर्ट घालून पोरं स्टेडियमवर फुटबॉल खेळतात. त्यामुळं आमचं फुटबॉलचं ज्ञान थोडंसं मातीतून आलेलं आहे. पुढचं सगळं त्यातूनच घडलं.

*

नव्वदचं दशक संपत आलं होतं आणि प्रत्येक तालमीला परदेशी खेळाडू आणायचं वेड लागलं होतं. आमचे सेक्रेटरी सुरेशअण्णा यांची फाउंड्री. कास्टिंगची डिलिव्हरी द्यायला ते अधूनमधून गोव्याला जात. एकदा असेच गेले, तिथं मॅच बघायला बसले आणि परत आले ते थेट कट्ट्यावर.

"गोलकीपर गावला," अण्णा म्हणाले. "ग्रीसचा हाय. प्रोफेशनल. सव्वासहा फूट."

"खेळतोय कसा?"

"खेळला न्हाय."

"मग?"

"नुसता बसून होता. मांडीवर टॉवेल घेऊन, पहिल्यापासनं शेवटपर्यंत. दुसऱ्या दिवशी परत गेलतो बघायला. परत बसूनच." अण्णांनी सगळ्यांकडं एकदा पाहिलं. "आता मला सांगा, मैदानात मोठा पैलवान कधी सुटतो?"

कुस्तीच्या मैदानात दुपारी बारक्या पोरांच्या कुस्त्या सुरू होतात आणि एक नंबरची जोड सुटते ती दिवस मावळताना. तोवर मोठा पैलवान मंडपात शांत बसून असतो. हे कोल्हापुरात शेंबड्या पोरालाही माहीत आहे.

"शेवटाला," सगळे म्हणाले.

"झालं तर मग. फायनलसाठी राखून ठेवलाय त्यांनी त्याला. त्यांनी मैदानात उतरवायच्या आत आपण आणायचा."

यात काही चूक आहे असं कुणालाच वाटलं नाही. मलाही नाही. गोव्याच्या क्लबनं त्याला एका फोनवर सोडला, वर बसस्टँडपर्यंत पोचवायलाही माणूस दिला.

"खुळी हायत," अण्णा म्हणाले.

*

माझं इंग्रजी जुनी मासिकं वाचून शिकलेलं. त्या गोलकीपरचं, म्हणजे यानिसचंही तसंच काहीतरी शिकलेलं असावं. म्हणून दुभाषाचं काम माझ्याकडं आलं.

पहिल्या दिवशी त्याला वस्तादांच्या पायावर घातला. वस्ताद सत्तरी ओलांडलेले. फुटबॉलकडं ते शेजारच्या घरातलं भांडण बघावं तसं बघत. त्यांनी यानिसची मान दाबली, पोटऱ्या चाचपल्या, बैठका मारायला लावल्या.

"हात लांब हायत," वस्ताद म्हणाले. "कुणासंगं लावायचा?"

मी म्हणालो, "वस्ताद, ह्याला कुस्ती न्हाय. फकस्त चेंडू धरायचा."

"समोर माणूस नसतोय?"

"असतोय, पण त्याला धरायचं न्हाय. चेंडू धरायचा."

"आनि धरला की?"

"सोडून द्यायचा. लांब मारायचा."

वस्ताद म्हणाले, "सोडायचा हाय तर धरायचा कशाला?"

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी यानिसला पहाटे हौद्यात घेतलं आणि धरलेली वस्तू सोडायची नाही, एवढंच शिकवलं. पहिल्याच मॅचमध्ये यानिसनं चेंडू धरला, पोटाखाली घेतला आणि त्याच्यावर पालथा पडून राहिला. पंचांनी शिट्टी मारली, परत मारली. गोलच्या मागं उभे राहून वस्ताद शांतपणे म्हणत होते, "चीत हुईपर्यंत सोडू नगंस."

शेवटी पंच त्याच्याजवळ जाऊन वाकले. "पावणं, सोडा आता. त्यो काय उठत न्हाय."

*

खरी गोष्ट कळली ती दूध कट्ट्यावर. संध्याकाळी तिथं म्हशी उभ्या असतात आणि समोर धार काढून ग्लासात देतात. यानिसला ते दूध फार आवडायचं. त्या दिवशी मिशीला फेस लागलेला असताना कुणीतरी विचारलं, "पावणं, आजवर फायनल किती खेळलासा?"

मी विचारलं. तो म्हणाला, एकही नाही.

मग त्यानं सगळं सांगितलं आणि मी जसंच्या तसं मराठीत सांगितलं. अठरा वर्षं तो प्रोफेशनल होता, चार क्लबांत. चारही ठिकाणी दोन नंबरचा गोलकीपर. एक नंबरच्या कीपरला काही झालं तरच दोन नंबरचा उतरतो. आणि ह्याच्या नशिबी आलेल्या एक नंबरवाल्यांना कधी साधी सर्दी झाली नाही. एकदा एक जण पडला होता. यानिसनं ग्लोव्हज घातले, ट्रॅकसूट उतरवला, देवाचं नाव घेतलं. तेवढ्यात तो उठला.

"मग अठरा वर्षं केलं काय?"

"बसलो होतो."

"आनि पगार?"

"पगार वेळेवर मिळायचा. बोनसही."

पाटीलकाका म्हणून आमच्यात एक निवृत्त तलाठी होते. त्यांच्या आवाजात खराखुरा आदर आला. "म्हंजे सरकारी नोकरीच की वो ही."

सगळे अण्णांकडं वळले. अण्णांनी ग्लास संपवला, मिशी पुसली. "मग मी काय म्हणालतो? राखून ठेवलेला हाय. अठरा वर्षं राखलाय. कोराकरकरीत माल हाय."

कट्ट्यावरून परतताना यानिस मला म्हणाला, "मी अडतीस वर्षांचा आहे. हंगाम संपला की घरी जाणार. मेहुण्याची खाणावळ आहे, तिथं काम करणार. त्याआधी एक फायनल उभं राहून खेळायची आहे. हरलो तरी चालेल. फायनलमध्ये एक चेंडू हातात आला पाहिजे, बस."

हे मी एकट्या दत्ताला सांगितलं. दत्ता आमचा स्टॉपर, म्हणजे गोलच्या पुढचा बचाव सांभाळणारा, आणि एरवी दूध संघात कॅन उचलायच्या कामावर. सकाळपर्यंत सगळ्या गावाला माहीत झालं होतं.

*

गावाला म्हणजे तळ्याकडच्या तालमीलाही. आमचं आणि त्यांचं पिढ्यान्‌पिढ्यांचं हाडवैर. लीगच्या मॅचला त्यांची पोरं एक लाकडी बाक खांद्यावर घेऊन स्टेडियमवर आली. पुढं होता बाळ्या, त्यांचा सेंटर फॉरवर्ड, त्या वर्षी सगळ्यांत जास्त गोल मारलेला गडी. बाक बरोबर आमच्या गोलच्या मागं ठेवला.

"बसा की पावणं," बाळ्या म्हणाला. "सवय हाय तुमास्नी."

आमची पोरं धावून जाणार होती. यानिसनं हात करून थांबवलं. हाफ टाइम झाल्यावर तो गेला, बाकावर बसला, थोडा हलवून बघितला आणि मला म्हणाला, "त्याला सांग, बाक चांगला आहे. पण टेकायला पाठ पाहिजे. पाठ नसली तर तिसऱ्या-चौथ्या वर्षी कंबर जाते."

मी सांगितलं. बाळ्यानं ऐकून घेतलं, मान डोलवली.

पुढच्या मॅचला तळ्याकडच्यांनी पाठ असलेला बाक आणला.

*

सुरुवातीला यानिस मैदानावर ग्रीकमध्ये ओरडायचा. एक अक्षर कुणाला कळत नसे, पण आवाज असा की आमचा डिफेन्स वीज पडल्यासारखा झटकन आपापल्या जागी सरकायचा. त्या काळात आम्हाला जवळजवळ गोलच झाला नाही.

मग तो हौसेनं मराठी शिकला.

"दत्ता, डावीकडं सरक."

"का?"

"मानूस आलाय."

"दिसालाय मला."

"मग सरक की."

"तू तुझं बघ की मर्दा. मला शिकवू नगंस."

एवढं होईपर्यंत गोल झालेला असायचा. असे लागोपाठ दोन सामने गेल्यावर अण्णांनी तालमीत मीटिंग घेतली. विषय एकच. "आजपासनं मैदानात मराठी बंद. पावण्यानं ग्रीकच बोलायचं. आनि कुणी समजून घ्यायला गेलं तर माझ्याशी गाठ हाय."

*

सेमीफायनलच्या दिवशी सकाळी अण्णा त्याला जोतिबाला घेऊन गेले. देवळात गुलाल उधळतात, आणि एवढा उंच माणूस दिसल्यावर भाविकांनी हात आखडला नाही. येताना जीप बंद पडली. यानिस थेट स्टेडियमवर उतरला तो डोक्यापासून बुटापर्यंत गुलाबी.

आता कोल्हापुरात गुलाल जिंकल्यावर लावतात. मॅचच्या आधी लावणं म्हणजे समोरच्याला मेलेला धरणं. समोरच्या संघाचा कॅप्टन मैदानात उतरेना. "जिंकायच्या आधीच गुलाल? मग आमी काय अंत्ययात्रेला आलोय व्हय?"

अण्णा म्हणाले, "ह्यो जिंकल्याचा न्हाय, ह्यो देवाचा हाय."

"देव काय एकट्या तुमचाच हाय?"

हा मुद्दा बिनतोड होता. शेवटी तडजोड झाली. अण्णांनी प्रसादाची पिशवी काढली आणि समोरच्या अकरा जणांनाही तेवढाच गुलाल लावला. मग आमच्या उरलेल्या दहांना राग आला, त्यांनीही लावून घेतला. पंचांना आपला कोण, परका कोण, काही दिसेना. आम्ही एक गोलनं जिंकलो. तो गोल कुणी मारला, हे अजून ठरलेलं नाही.

*

फायनल तळ्याकडच्या तालमीशीच. मे महिन्याची दुपार, स्टेडियम गच्च. यानिसनं नवे ग्लोव्हज घातले होते. आणि नेमकी त्या दिवशी आमची पोरं आयुष्यात खेळली नव्हती तशी खेळली. हाफ टाइमला आम्ही तीन गोलनी पुढं. तळ्याकडचे आमच्या अर्ध्यात यायलाच तयार नाहीत.

यानिस उभा होता. फायनल खेळत होता, उभं राहून खेळत होता, पण चेंडू काही येत नव्हता. सगळं गाव आनंदात नाचत होतं आणि तो पोस्टला टेकून हातातले ग्लोव्हज बघत होता.

दत्तानं ते पाहिलं. वेळ संपत आलेली. आपल्याच गड्यानं पायानं दिलेला चेंडू कीपरला हातात घेता येत नाही, एवढा नियम दत्ताला ठाऊक होता. म्हणून त्यानं आलेला चेंडू मागं वळून डोक्यानं यानिसकडं दिला. प्रेमानं दिला. पण कॅन उचलणाऱ्या माणसाची मान ती. चेंडू यानिसच्या हातावरून वरच्या कोपऱ्यात गेला.

तीन-एक.

"चुकून झालं," असं दत्तानं हातानं सांगितलं. मग आमच्या लेफ्ट बॅकला वाटलं, दत्ताला जमलं नाही, मला जमेल. त्यानंही डोक्यानं दिला. तो पोस्टला लागून आत.

तीन-दोन.

लाइनवरून अण्णा म्हणाले, "वर्षभर गोल करा म्हणून बोंबललो, त्यो आज सुचला व्हय रं?"

तळ्याकडची माणसं पहिल्या गोलला नाचली होती. दुसऱ्याला गप्प झाली. काय चाललंय ते त्यांच्या ध्यानात आलं आणि सगळी गॅलरी उठून उभी राहिली. "भीक नगं आमास्नी!"

आमची पोरं त्या आवाजानं गांगरली. त्यात बाळ्यानं चेंडू काढून घेतला आणि सुटला. एकाला मागं टाकलं, दत्ताला टाकलं. आता पुढं एकटा यानिस. बरोबरी झाली असती तर आमचं काही खरं नव्हतं. पोरं कधीच दमली होती. त्या जागेवरून बाळ्यानं वर्षभर एकही चेंडू फुकट घालवला नव्हता. यानिस गुडघ्यात वाकला, हात पसरले. बाळ्यानं एकदा मान वर करून त्याच्याकडं पाहिलं आणि मारला.

चेंडू सरळ यानिसच्या छातीवर आला. त्यानं दोन्ही हातांनी धरला. शेवटची शिट्टी झाली.

दुसऱ्या दिवशी यानिसला मुंबईच्या बसवर बसवायला आम्ही सगळे स्टँडवर गेलो. बाळ्याही आला होता, गुळाची ढेप घेऊन. त्याच्या पेठेत आदल्या दिवशी चुली पेटल्या नव्हत्या, एवढं मला कळलं होतं. बस हलली. यानिसचा हात खिडकीतून बाहेर होता तो वळणापर्यंत दिसत राहिला. मग मी बाळ्याला बाजूला घेऊन विचारलं, कालचा चेंडू सरळ छातीवर कसा गेला.

"पाय घसरला," बाळ्या म्हणाला.

"मे महिन्यात? वाळलेल्या मैदानावर?"

बाळ्या बस गेली त्या दिशेला बघत होता. "मे म्हैन्यातच लई घसरतंय," तो म्हणाला, आणि चहा सांगायला गेला.