आठशे मीटर

डोंबिवलीत मानपाड्याच्या कापड रंगवायच्या कारखान्यात विश्राम घाडी सव्वीस वर्षं सायकलनेच कामाला गेला. मूळचा देवगडकडचा, बोलायला कमी. पण सायकलचा विषय निघाला की कुणाला ऐकायचा नाही. म्हणून एका सकाळी नाक्यावर वही घेऊन सायकली मोजणारी मुलगी दिसली, तेव्हा तो उतरला.

"मॅडम, इथे काय मोजताय? इथे टँकर अंगावर येतात. कामगार सगळे मागच्या गल्लीने जातात."

ती समीक्षा. देशोदेशीच्या शहरांत सायकलींना वाट मिळावी म्हणून झटणाऱ्या एका संस्थेचं इथलं काम ती बघायची. दुसऱ्या दिवशी तिने वही त्याच्याच हातात दिली. तीन आठवडे तो पाळीच्या आधी गल्लीच्या तोंडाशी उभा राहिला. दिवसाला चारशेच्या वर सायकली निघाल्या. समीक्षाच्या नकाशावर कठडा कुठे हवा, रिक्षा घुसू नये म्हणून खांब किती अंतरावर हवेत, हे त्यानेच सांगितलं. वर्षभरात गल्लीतून पुढे मोठ्या रस्त्याच्या कडेने कारखान्यापर्यंत आठशे मीटरची सायकलवाट झाली. उद्घाटनाला फोटो निघाले.

मग संस्थेने त्याला हॉलंडला परिषदेत नेलं. तो मराठीत बोलला, समीक्षाने इंग्रजीत सांगितलं, लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. पण परत आल्यावर तो सांगत राहिला ते वेगळंच.

"एक म्हातारी सायकलवर भाजी घेऊन चाललेली. तिने नुसता हात दाखवला, आणि ट्रक थांबला रे."

"तिथली म्हातारी ती," दौलत म्हणाला.

दौलत कारखान्याच्या फाटकावर वॉचमन, विश्रामच्याच चाळीतला. एकदा रिक्षाने उडवल्यापासून त्याने सायकल सोडून शेअर रिक्षा धरली होती. विश्राम महिनाभर त्याच्या मागे लागला. "आता आपली वाट आहे, दौलत. कठड्याच्या आत कोण येतंय?" शेवटी दौलतने सायकलला नवे टायर घातले.

दिवाळीनंतर लग्नाच्या एका हॉलवाल्याने पाहुण्यांच्या गाड्यांसाठी चार खांब उपटले. मग वाटेवर टेम्पो उभे राहायला लागले. मग पाइपलाइनसाठी खणलं आणि माती तशीच टाकून गेले. विश्रामने पालिकेत अर्ज केले, या खिडकीवरून त्या खिडकीवर गेला. एका साहेबाने विचारलं, "सायकलवाले राहिलेत किती आता?"

मार्चमध्ये सकाळी पावणेसातला, उभ्या टेम्पोला वळसा घालायला दौलत कठड्याबाहेर आला आणि मागून टँकर आला. विश्राम पन्नास पावलं मागे होता. त्याने पाहिलं.

दहाव्याला दौलतची बायको, मीराबाई, त्याच्यासमोर येऊन बसली. रडली नाही.

"भाऊ, तिथे गाड्या लावतात हे ठाऊक होतं ना तुम्हाला?"

"हो वहिनी."

"मग सायकल सोडा, असं त्यांना सांगितलं होतंत?"

सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर दौलत पुन्हा रिक्षाने गेला असता, हे त्याला तेव्हाही कळत होतं.

जूनमध्ये समीक्षाचा फोन आला. परदेशातल्या एका पुस्तिकेत यशस्वी वाटांमध्ये डोंबिवलीची वाट छापली होती. उद्घाटनाचा फोटो, आणि त्यात कडेला हसणारा दौलत. "मी त्यांना सगळं कळवलंय, काका. पुढच्या आवृत्तीत दुरुस्ती करू म्हणाले." मग म्हणाली, "मी सोडतेय हे काम."

"सोड," विश्राम म्हणाला. तिची समजूत घालावी असं त्याला वाटलंही नाही.

आता तो शेअर रिक्षाने जातो. परवा पॅकिंगमधली प्रीती त्याच्या शेजारी बसली होती. रिक्षासाठी रोज अर्धा तास उभं राहावं लागतं, सायकल घ्यावी म्हणते, कुठली बरी, असं तिने विचारलं. कारखान्यात असं विचारायचं तर त्यालाच, हे सगळ्यांना माहीत.



"नको घेऊस," विश्राम म्हणाला.