वेलींची साक्ष

मला झाडांचं ऐकू येतं. ज्यांना हसायचं आहे त्यांनी इथेच हसून घ्यावं. वनस्पतिशास्त्र मी नागपूरला शिकले, चिखलीच्या नव्या कॉलेजात शिकवलं, सूक्ष्मदर्शकात बघून बघून डोळे फोडून घेतले. पण त्याच्या कितीतरी आधी, परकराच्या वयापासून, मला झाडांचं कळत आलं आहे. शब्द नसतात. तहानलेल्या झाडाजवळ गेले की माझ्या घशाला कोरड पडते. कीड लागलेल्या खोडापाशी दात आंबतात. आई म्हणायची, हे कोणाला सांगू नकोस, लग्न जमणार नाही. मी सांगत राहिले आणि लग्न जमलं नाही. मला दोन्हींचं दुःख नाही.

महाराष्ट्र राज्य होऊन दोनेक वर्षं झाली असतील. प्राचार्यांनी मला खोलीत बोलावलं. "बाई, आपण इथे विज्ञान शिकवता की भगतगिरी करता?"

"विज्ञानच शिकवते, मुलांना विचारा. आणि मला ऐकू येतं, तेही खरं आहे."

हा विषय यापुढे कॉलेजच्या आवारात नको, असं ते म्हणाले. मी मान हलवली नाही.

त्यानंतर महिनाही झाला नसेल, एक म्हातारे शेतकरी ओल्या फडक्यात काहीतरी गुंडाळून प्रयोगशाळेच्या दारात उभे राहिले. डोणगावच्या अलीकडे नाल्याकाठी त्यांचा विड्याच्या पानांचा मळा होता. वेली पिवळ्या पडून एकेक करून मरत होत्या.

"तुमाले झाडाइचं आयकू येते म्हनतात. खरं हाय का?"

"हाव, खरं हाय."

"मंग वेलीइले एकच इचारा. आमच्या लहान्या सुनेचं नाव घेतात का."

मला कळेना, तेव्हा त्यांनी सगळं सांगितलं. पानमळ्याचं सोवळं फार कडक. चपला दाराबाहेर काढायच्या, आणि बाई बाहेरची असेल तर त्या चार दिवसांत तिने कुंपणालाही शिवायचं नाही. तिच्या विटाळाने वेल जळते. धाकटी सून तशा दिवसांत मळ्यात गेली असा सासूला संशय होता. सून नाही म्हणत होती. वेलींनी तिचं नाव घेतलं तर तिला माहेरी पाठवायचं, कायमचं. ट्रंक भरून तयार होती. म्हातारे वाईट नव्हते. उगाच कोणावर आळ नको, म्हणून ते साक्ष काढायला आले होते.

त्यांनी फडकं सोडलं, आत वेलीचा तुकडा होता. तो दिसला आणि माझे पाय गार पडले, घोट्यापासून गुडघ्यापर्यंत, विहिरीत उतरल्यासारखे. तेही भर चैत्रात.

"उद्या येते," मी म्हटलं. "पन बाबा, वेली जे सांगतील ते मानसान ना? मनाजोगं नसलं तरी?"

"वेल खोटं बोलत नाई. मानीन."

दुसऱ्या दिवशी सकाळच्या एस.टी.ने गेले. दाराशी चपला काढल्या. ती रीत मला पटते, मातीचं पायांना कळतं. सासूने मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं, पण कॉलेजच्या बाईला कसं विचारणार? तिने विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. धाकटी सून गोठ्याच्या ओट्यावर ट्रंकेशेजारी बसली होती. अठरा-एकोणीस वर्षांची पोर, खाली मान घालून. माझ्या तोंडून काय निघतं यावर तिचा संसार टांगला होता. वेलींचं ऐकायला ही माणसं चिखलीपर्यंत आली, आणि घरातली पोर नाही म्हणते ते कोणाच्या कानात शिरत नव्हतं. तेव्हा आलेला राग आज म्हातारपणी लिहितानाही उतरलेला नाही.

आत शेवरीच्या गर्द सावलीत वेली ओळीने चढवल्या होत्या. मी एकीच्या बुडाशी बसले आणि तिच्या खोडाला मनगट लावलं. पाय पुन्हा गारठले, आणि या वेळी श्वासही कोंडला. मी तोंड उघडून हवा घेऊ लागले. बुडत होत्या बिचाऱ्या. हाताने माती उकरली तर खाली चिखल, आणि मुळं काळी, कुजलेली.

"पानी कवा देता?"

थोरला मुलगा ऐटीत म्हणाला, "रोज. विहिरीवर नवं इंजन बसवलं ना. मोट होती तवा आठ दिसाले पाळी येत होती."

म्हणजे बैल दमत होते तोवर वेली जगल्या. इंजिन दमत नाही.

बाहेर येऊन मी सगळ्यांसमोर सांगितलं. "वेलीइचे पाय बुडाले. श्वास घ्याले जागा नाई. चर खोदून पानी काढा, अन् पह्यलेसारखी आठ दिसाले पाळी द्या."

"अन् सुनेचं?" म्हाताऱ्यांनी विचारलं.

"तिचं नावच नाई घेतलं. पटलं का?"

त्यांनी कुजलेलं मूळ हातात घेऊन हुंगलं. "पटलं."

एवढ्यावर मी निघू शकले असते. पण पुढच्या चैत्रात चार वेली वाळल्या की तीच ट्रंक पुन्हा भरली गेली असती. मला ते चालणार नव्हतं.

"मंग आता माहं आयका. आज माहा दुसरा दिवस हाय. मी बाहेरची हाय. तशीच आत गेली, वेलीले हात लावला, मुळाइत हात घातला. अन् तरी वेल माह्यासंग बोलली. ते खोटं नाई, हे तुम्हीच म्हनले."

सासूने पदर तोंडाला लावला. थोरला पुढे सरसावला, तेव्हा म्हाताऱ्यांनी हात आडवा धरला. ओट्यावरची पोर पहिल्यांदाच मान वर करून माझ्याकडे पाहत होती.

"पंधरा दिसात मर नाई थांबली तर मले कॉलेजात येऊन धरा," म्हटलं आणि चपला घालून फाट्याकडे चालू लागले. खोटं कशाला सांगू, एस.टी.त बसल्यावर मला भीती वाटली. वेली मेल्या असत्या तर माझ्या विटाळाचा दोषही त्या पोरीच्याच माथी बसला असता. तरी एक शब्द मागे घ्यावा असं वाटलं नाही.

बातमी कॉलेजात पोचलीच. प्राचार्यांनी लेखी खुलासा मागितला. मी लिहून दिलं, "रोग मूळकूज, कारण अतिपाणी. हे मला वेलींकडून कळलं." त्यांनी दुसरा खुलासा मागितला. मी पहिलाच पुन्हा उतरवून दिला.

दिवाळीच्या आधी म्हातारे आले. मी नेमकी प्राचार्यांच्या खोलीत बोलणी खात उभी होते. म्हाताऱ्यांनी विड्याच्या पानांची जुडी सरळ प्राचार्यांच्या टेबलावर ठेवली. हिरवीगार, तळहाताएवढी पानं होती.

"लहान्या सुनेनं तोडले. आता मळा तिच्याच हाती हाय."

मला राहवलं नाही. "बाबा, ते मळ्यात जाते तवा तिले दिवस इचारता का?"

म्हाताऱ्यांनी टोपी काढली, झटकली, पुन्हा घातली.

"इचारला होता एक डाव," ते म्हणाले. "सून म्हने, वेलीइलेच इचारा."