पायीमावशीचं ॲमस्टरडॅम

पायीमावशी कुठलंही घर दाखवायची ते स्वयंपाकघरापासून. मग ते तिचं स्वतःचं सरकारी क्वार्टर असो, नाहीतर दोनशे वर्षांपूर्वी मेलेल्या एखाद्या सरदाराची कोठी. पुरातत्त्व खात्याच्या निळ्या पाटीकडे ती ढुंकून बघत नसे. "बांधलं कुणी ते लिहिलंय की तिथे! चूल कुठे होती ते सांगा. जिथे रांधलं जातं तिथे माणूस राहतो, बाकी सगळ्या भिंती," असं म्हणून ती तरातरा आत शिरायची. मागून आम्ही दहा-बारा जण धापा टाकत.

दक्षिण दिल्लीतल्या आमच्या सरकारी कॉलनीत तिला खऱ्या नावाने फक्त पोस्टमन ओळखत असे. एका मंत्रालयात ती सेक्शन ऑफिसर होती, नवरा लवकर गेलेला, एकच मुलगी. स्कूटर नाही, रिक्षा नाही, बसचा पास असून बस नाही. "चला, पायी जाऊ" हे तिचं उत्तर बाजाराला, दवाखान्याला आणि लग्नालाही. माझी आई तिची जिवलग मैत्रीण, पण तीही वैतागायची. "अहो ताई, तुमच्या पायाला भिंगरी आहे. आमच्या पायाला भोवऱ्या झाल्यात!" त्यावर मावशी म्हणायची, "वाहनातून दिसते ती सडक. गाव बघायचं तर पायीच." मी तर जन्माची आळशी. तिच्यामुळे माझ्या लहानपणीच्या एकाही रविवारी मला सकाळी नऊनंतर झोपायला मिळालेलं नाही, आणि हे मी आजही तक्रार म्हणूनच सांगते.

मावशी बेने इस्रायली, म्हणजे अलिबागकडची मराठी ज्यू. तिच्या दाराच्या चौकटीवर एक छोटी तिरपी डबी ठोकलेली होती. आत धर्मग्रंथातलं वचन. येता-जाता ती डबीला बोटं लावून ओठांना लावायची, आणि तिचं बघून आम्ही कॉलनीतली पोरंही तसंच करायचो. शाळेत मैत्रिणी मला विचारायच्या, "ज्यू मतलब? क्रिश्चन?" मी घरी येऊन मावशीलाच विचारलं, तर ती हसली. "सांग, शनवार तेली. आमच्या पूर्वजांचं जहाज कोकणच्या किनाऱ्यावर फुटलं. वाचले ते तिथेच राहिले, तेलाचे घाणे घातले, शनिवारी घाणा बंद. शेजाऱ्यांनी नाव ठेवलं शनवार तेली. झालं, एवढंच झालं आमच्या बाबतीत." ‘एवढंच झालं’ यात केवढा अभिमान भरलाय, हे तेव्हा मला कुठलं कळायला!

एकदा तिने आम्हा सगळ्यांना उत्तरेकडच्या टेकडीवर नेलं. दिल्लीकरांना हिंदूराव म्हणजे इस्पितळ. मावशीला ते सहनच होत नसे. "आधी माणूस होता, मग इस्पितळ झालं. ग्वाल्हेरहून आलेला मराठा सरदार, ही त्याचीच कोठी! मराठी पोरांना एवढं ठाऊक नको?" मग तिने गेटवरच्या गार्डला गाठून विचारलं, "भैया, हिंदूराव साहब की रसोई किधर थी?" त्या बिचाऱ्याने अतिशय आदराने कँटीनकडे बोट दाखवलं. मावशीने तिथे आम्हाला चहा आणि मठरी खिलवली आणि "बघा, सापडली की नाही!" म्हणाली.

निवृत्त झाल्यावर ती मुलीकडे गेली, ॲमस्टरडॅमला. आईला वाटलं, आता थंडीत ही बाई घरात पाय मोडून बसणार. कसलं काय! आठवड्याभरात तिचा फोन आला. तिने तिथला जुना ज्यूंचा मोहल्ला पायी पालथा घातला होता. "अगं, इथल्या मोठ्या सिनेगॉगमध्ये जमिनीवर वाळू पसरलेली असते. मी आत पाऊल टाकलं आणि मला आमचा किनाराच आठवला. रडूच आलं मला, मेलं." मग हळू आवाजात म्हणाली, "पण घरं नाहीत ग. हिटलरच्या लढाईत इथल्या माणसांना छावण्यांत नेलं. रिकाम्या घरांची लाकडं त्या लढाईच्या थंडीत लोकांनी सरपणाला ओढून नेली, आणि घरं बसली. आता फुटपाथवर पितळेच्या छोट्या चकत्या आहेत, तळहाताएवढ्या. त्यावर नावं. लोक वर पाय देऊन जातात, कॉफी पीत."

त्या मोहल्ल्यात एक लहानशी संस्था पाहुण्यांना पायी फेरी घडवून आणायची. मावशी त्यांच्याकडे गेली, म्हणाली, मला गाईड करा. त्यांनी चहा दिला, गोड बोलले आणि सांगितलं की तुमचं घराणं इथलं नाही, हे दुःख तुमच्या माणसांनी भोगलेलं नाही, ऐकणाऱ्याला खरं कसं वाटेल? हे तिला फार लागलं. वशिला लावून नोकरी केलेली बाई नव्हती ती, अपमान तिला नवा नव्हता. पण या वेळी तिच्या मनातच किंतु शिरला. त्या हिवाळ्यात दिल्लीला आमच्याकडे राहायला आली तेव्हा आमच्या ओट्याशी उभी राहून तिने आईला विचारलं, "खरंच ग, मला हक्क आहे का? आम्ही तर दोन हजार वर्षं सुखात राहिलो. मेले ते दुसरेच. मी त्यांच्या दारात उभी राहून बोलणारी कोण?" आई म्हणाली, "आधी आम्हाला दाखवा बघू. मग ठरवू."

संस्थेने एवढंच कबूल केलं होतं की मार्चमध्ये एक फेरी करून दाखवा. म्हणून पायीमावशीने त्या जानेवारीत आमच्या कॉलनीतच ॲमस्टरडॅम उभं केलं. धुकं निवळलं की अकराच्या सुमाराला आम्ही निघायचो. आई, मी, दोन-तीन शेजारणी आणि कँटोन्मेंटमधून येणाऱ्या साताऱ्याच्या काकू. काकूंचे यजमान फौजेत सुभेदार. दुधाचा बूथ म्हणजे वाळूचं सिनेगॉग. मागचा नाला म्हणजे कालवा, आणि वास आला तरी नाकाला पदर लावायचा नाही, अशी सक्त ताकीद. भाजीवाल्याची गाडी म्हणजे तिथला जुना बाजार. "इथे काकडीचं आणि कांद्याचं आंबट लोणचं मिळायचं," असं मावशी म्हणाली की भाजीवाला म्हणायचा, "आंटीजी, नींबू ले लो." आम्ही हसून बेजार! मावशी मात्र रागवायची. "यार, सीरियस व्हा ना जरा. माझी परीक्षा आहे."

त्या फेरीचा शेवटचा थांबा होता पाण्याच्या टाकीपाशी, मोकळ्या जागेसमोर. मावशी तिथे उभी राहिली. "इथे घर नाही. पण इथे स्वयंपाकघर होतं. आई होती, तीन मुलं होती. शुक्रवारी दुपारीच ती शनिवारचं रांधून ठेवायची. एक दिवस माणसं आली आणि चौघांना घेऊन गेली. कुणी परत आलं नाही. ही त्यांची नावं." आणि तिने समोरच्या फरशीकडे बोट दाखवलं. तिथे नावंबिवं काही नव्हती, आमच्या पीडब्ल्यूडीची फुटकी फरशी होती. कुणी हसलं नाही. साताऱ्याच्या काकूंनी विचारलं, "आन् शेजारीपाजारी काय करत व्हते?" मावशी म्हणाली, "काही लपवणारे होते. बरेच बघत होते." काकूंनी चपला काढल्या. जानेवारीच्या गारठ्यात अनवाणी उभ्या राहिल्या, वाकून त्या फुटक्या फरशीला हात लावला आणि तो कपाळाला लावला. एक शेजारीण हळूच म्हणाली, "अहो काकू, ती जागा इथे नाही, तिकडे परदेशात आहे." काकू म्हणाल्या, "असूं दे की. नमस्कार कुटनंबी पोचतो."

मावशी त्या दिवशी टाकीपासून घरापर्यंत चक्क रिक्षाने गेली! आम्हाला वाटलं, आजारीच पडली ही.

मार्चमधल्या त्या परीक्षेची हकीकत तिने आम्हाला व्हिडिओ कॉलवर सांगितली. आई आणि मी एका फोनवर डोकं घालून बसलो होतो. संस्थेची बाई वही घेऊन सोबत होती. मावशीचं सगळं पाठ होतं, बिल्कुल चुकली नाही, पण आपण पोपटासारखं बोलतोय हे तिचं तिलाच कळत होतं. शेवटी त्या पितळी चकत्यांपाशी आली आणि न ठरवता तिने बूट काढले. बर्फासारख्या दगडावर मोज्यांनिशी उभी. वहीवाल्या बाईने विचारलं, हे काय? मग मावशीने पाठ केलेलं सोडून दिलं आणि साताऱ्याच्या काकूंची गोष्ट सांगितली. फेरीत त्याच शहरातले एक म्हातारे गृहस्थ होते. त्यांनी विचारलं, "तुम्हीही ज्यू. तुमच्या देशात तुमच्या लोकांना न्यायला कोण आलं होतं?"

"कोणी नाही," मावशी म्हणाली.

"कधीच नाही?"

"कधीच नाही. शनिवारी घाणा का बंद, एवढंच विचारायचे."

ते म्हातारे म्हणाले, "हे तुम्हीच सांगत जा. आमच्या गोष्टीत हे वाक्यच नाही." वहीवाल्या बाईने वही मिटली आणि गुरुवारपासून या म्हणाली. हे सांगताना मावशी इकडे आमच्यासमोर ढसाढसा रडत होती आणि हसत होती. आईने फोन ठेवला आणि शेजारच्या तिन्ही घरांत पेढे वाटून आली, स्वतःची मुलगी पास झाल्यासारखे.

पुढे जवळजवळ सात वर्षं ती गुरुवारी आणि रविवारी ॲमस्टरडॅमला ती फेरी चालली. साडी, वर जाड कोट, पायात बूट, आणि शेवटच्या थांब्यावर बूट हातात. फेरी संपली की कागदी पेल्यातून सगळ्यांना मलिदा द्यायची, म्हणजे पोहे, गूळ, खोबरं आणि फळं. त्यांच्यात नवस फेडताना करतात तो. पोहे इथून आम्ही पाठवत असू. माझ्या ऑफिसातला एक पंजाबी मुलगा तिकडे फिरायला गेला होता. परत येऊन म्हणाला, "मॅडम, वहाँ एक आंटी मिलीं, कमाल की! हर घर की रसोई से शुरू करती हैं." मी भर ऑफिसात ओरडले, "मेरी मौसी है वो!" इतका माज मी माझ्या प्रमोशनलासुद्धा केला नव्हता.

मागच्या डिसेंबरात मावशी गेली. दोन दिवसांचा ताप, बस्स. शेवटच्या गुरुवारीही चालून आली होती. तिच्या मुलीने मला फोन केला. त्यांच्यात थडग्यावर फुलांऐवजी दगड ठेवतात. "आईला कॉलनीतला एक दगड हवा ग. तू आणशील?"

आम्ही आता फरीदाबादला राहतो. कॉलनी तर पाडली, तिथे टॉवर उठतायत. मी तुलना करत नाही हं, मावशीने कान उपटले असते. तिकडे माणसं नेली, इथे आम्हाला नुसती नोटीस आली, ट्रक करून आलो. मावशीचं क्वार्टर होतं तिथे, पत्र्याच्या कुंपणाशी जाऊन उभी राहिले. आत नुसता राडारोडा. गार्ड कोवळ्या उन्हात खुर्ची टाकून बसला होता, बिहारकडचा, वयस्कर. दगड हवाय म्हटलं तर तो माझ्याकडे बघतच राहिला. पण मोझेकच्या फरशीचा एक तुकडा त्यानेच उचलून हातात दिला.

"मैडम, किसका घर था? आपका?"

"नहीं."

"रिश्तेदार का?"

आमचं ना रक्ताचं नातं, ना धर्माचं. मी बोलणारी कोण? मग मला तो जानेवारी आठवला.

"यहाँ तो कुछ बचा ही नहीं," गार्ड म्हणाला. "क्या देखने आई हैं?"

मी चपला काढल्या. जमीन बर्फासारखी गार होती.

"भैया, यहाँ एक रसोई थी," मी म्हणाले.

गार्ड खुर्चीवरून उठून उभा राहिला.