चार तास मिरची, चार तास पुस्तक

बाळांनो, दोन असमानता एकाच आलेखावर काढायच्या आणि दोन्हींना चालेल असा भाग शोधायचा, हे गणित तुम्हाला निरर्थक वाटतं असं तुमची आई म्हणाली. मला ते कधीच निरर्थक वाटलं नाही. नंदुरबारला एका हिवाळ्यात मी त्या गणितातच राहत होते.

लढाईचे दिवस होते. मला मॅट्रिकला बसायचं होतं, घरी अभ्यास करून. आमच्या गल्लीत एक निवृत्त मास्तर राहत. परीक्षेच्या अर्जावर त्यांची सही लागणार होती. त्यांनी बजावलं, "रोज चार तासांहून कमी अभ्यास केलास तर सही मागू नकोस." वडील बहुतेक कोरीट गावच्या शेतावर असत. ते म्हणाले, "तुझ्या आईला जमत असेल तर बस." आणि आईची अट होती, रोज निदान चार तास पथारीवर.

पथारी म्हणजे गावाबाहेरचं मिरची वाळवायचं मोकळं अंगण. तिथे आमची लाल मिरची पसरलेली असे. मजूर बाया दिवसभर उन्हात दाताळ्याने, म्हणजे लाकडी दात्यांच्या लांब दांड्याने, ती वरखाली करत. घरच्या मुली मात्र मांडवाच्या सावलीत बसून देठ खुडत. तशी रीतच होती. लग्नाच्या मुलीने उन्हात उभं राहायचं नाही.

स्वयंपाक-पाणी उरकल्यावर दिवसाचे आठ तास माझ्या हाती राहत. रॉकेल मोजून मिळे, म्हणून रात्रीचा अभ्यास नाही. मी खूश होते. चार आणि चार आठ. जमलं!

पण जमेना. देठ खुडून उठलं की बोटं पेटलेली असत. चुकून डोळ्याला हात गेला की संपलंच. हाताला तेल चोळायचं, ताकात बोटं बुडवायची, डोळ्यांची आग थांबेपर्यंत भिंतीला टेकून बसायचं. पुस्तक समोर आणि अक्षरं पाण्यात. मास्तर रोज विचारत आणि रोज तास कमी भरत. अर्जाची मुदत जवळ येत होती. जेवताना, वेणी घालताना, मी सारखी बेरजा करत असे. मला एका जागी बसवत नसे.

मास्तरांनी मला आलेख शिकवले होते. "बरोबर" असेल तिथे रेषा येते, "पेक्षा जास्त नाही" असेल तिथे रेषेची एक अख्खी बाजू. कोणती बाजू ते कळेना तर शून्य-शून्याचा बिंदू घालून बघ, अट पाळतो का. पाळत असेल तर त्याची बाजू आपली.

एका सकाळी पथारीच्या रिकाम्या कोपऱ्यात मी दाताळ्याच्या दांड्याने मातीत आलेख काढला. आडवे मिरचीचे तास, उभे पुस्तकाचे. एक तास म्हणजे एक वीत. आईच्या अटीची रेषा उभी, तिच्या उजवीकडचं सगळं आईचं. मास्तरांची आडवी, तिच्या वरचं सगळं मास्तरांचं. दोघांनाही चालेल त्या भागात मी लाल मिरच्या टाकल्या. मग दिवसाची तिरकी रेषा. इथे माझी चूक सापडली. मिरचीचा तास हा तास नव्हताच, आग विझवण्यात पाव तास आणखी जाई. मिरचीची सव्वापट आणि पुस्तक मिळून आठपेक्षा जास्त नाही. ती रेषा मला वाटलं होतं त्याहून खूपच कलली. तिच्याखाली मी खुडलेले देठ पसरले. लाल भाग आणि देठ यांच्यात एक वीत माती उघडी राहिली.

"काय करी ऱ्हायनी पोरी? मिरच्या खेळाले शेतस का?" आई मागे उभी होती.

मी तिला सांगितलं, लाल म्हणजे तुम्हा दोघांचं म्हणणं, देठ म्हणजे माझा दिवस.

ती वाकून बघत राहिली. "मंग हाऊ ढीग अन् तो ढीग भेटतच नही?"

"नाही. तू तासाभराने खाली आलीस तर भेटतील."

"मी नही येवाव." आई हसली नाही. "बाया मिळत नहीत. मास्तरले सांग."

मास्तर हलणार नव्हते, हे तिलाही ठाऊक होतं. राहिली तिरकी रेषा. मी म्हणाले, "मला देठ नको देऊ. दाताळं दे. हात जळणार नाहीत, तासामागे पाव तास वाचेल. रेषा कमी कलेल आणि लाल भागाच्या कोपऱ्याला टेकेल."

"उन्हमा?" तिचा आवाज चढला. "काळी पडशी. मंग तुले कोन करी?"

महिनाअखेरीला मला बघायला पाहुणे यायचे होते. पलीकडे मिरची ओढणारी एक बाई ओरडली, "शेठानी, पोर आम्हनामा धाडी दे! आम्हना नवरा आम्हले सोडी गयात का?" सगळ्या बाया हसल्या. आई तणतणत निघून गेली.

दुसऱ्या दिवशी मी मांडवात बसायला गेले तर माझी जागा झाडून टाकलेली. आईने आपल्या जुन्या लुगड्याचा तुकडा माझ्या तोंडाभोवती घट्ट आवळला, फक्त डोळे उघडे ठेवले आणि दाताळं हातात दिलं.

तेव्हापासून दोन्ही भाग एका बिंदूत भेटले. फक्त एका. त्याच्या आजूबाजूला जागा नव्हती. पाहुणा आला, ताप आला, आभाळ येऊन मिरची धावत गोळा करावी लागली, की मी बिंदूवरून घसरणार. परीक्षेपर्यंत मी उभ्या-उभ्याच जेवले असं मला आठवतं. अर्जावर सही झाली तेव्हाही मी बसले नाही, पथारीवर परत पळाले.

त्या महिनाअखेरीला ठरल्याप्रमाणे पाहुणे आले. त्यांतल्या एक बाई माझा चेहरा न्याहाळून म्हणाल्या, "पोर सावळी शे."

आईने चहाची कपबशी त्यांच्यापुढे सरकवली. "मन्ही पोर उन्हमा शिकनी शे," ती म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "तू आठे काय करी ऱ्हायनी? चार तास भरनात का तुन्हा?"

भरले नव्हते. मी उठले आणि पुस्तकाकडे गेले.