वीस ठोक्यांतून एकदा

घोलवडपासून तलासरीपर्यंत जे काही वाजतं ते आपल्यामुळेच तसं वाजतं, असं मनापासून मानणारा एकच माणूस माझ्या माहितीत आहे, आणि तो माझ्या बायकोचा धाकटा भाऊ आहे. लग्नातला बाजा, वरोरच्या किनाऱ्यावर होडी ओढणाऱ्यांची आरोळी, भाताच्या गिरणीचा पट्टा, एवढंच काय, एकदा आमच्या घरचा कुकर, या सगळ्यांत त्याला आपल्या रॉक बँडचा प्रभाव ऐकू आला आहे. हा बँड २०१४ च्या दिवाळीनंतर निघाला आणि एकोणपन्नास दिवस टिकला. त्याचा जाहीर कार्यक्रम एकच झाला, तो अकरा मिनिटं चालला. आकडे मी स्वतः घेतलेले आहेत, त्यामुळे त्यांत चूक नाही.

मेहुण्याची घोलवडला चिकूची वाडी. मुंबईला चार वर्षं शिकून तो परतला तो इलेक्ट्रिक गिटार घेऊन. तेव्हापासून तो चिकूंना पाणी देतानाही काळा टी-शर्ट घालायचा आणि उन्हात भाजून निघायचा. गाणी त्याने तीन लिहिली होती. तिन्ही बंडाची होती. बंड कोणाविरुद्ध, ते ठरायचं होतं. कीबोर्डवर तलासरीचे किरीटभाई होते. त्यांचा नवरात्रातला अनुभव दांडगा, पण ज्याचा आवाज मोठा त्याच्या बाजूने ते वाजवायचे. आणि ड्रमवर लक्षीबाई होत्या.

लक्षीबाई म्हणजे वाडीतल्या पॅकिंगच्या शेडमधल्या सर्वांत जुन्या बाई. डाव्या हातात दोन चिकू, उजव्या हातात तीन, असे पाच-पाच टाकून त्या खोका भरायच्या. वीस वेळा हात पडला की शंभराचा खोका पुरा. इतक्या वर्षांत त्यांचा एकही खोका चुकला नव्हता. मेहुण्याने विचार केला की ज्या बाईची मोजणी चुकत नाही तिचा ताल कसा चुकेल? विचार तसा बरोबर होता. त्याने निळी प्लास्टिकची तीन पिंपं उलटी घातली आणि त्यांच्या हातात काठ्या दिल्या. लक्षीबाईंनी वाजवायला सुरुवात केली: दोन आणि तीन, दोन आणि तीन.

"लक्षीबाई, चार मोजा ना. रॉक चारात असतं," मेहुणा म्हणाला.

"चारावर हात थांबवला तर खोक्यात फळ कमी जाईल, शेट. मग बोलणी कोण खाणार? तुमचा रॉक?"

"अहो, पण इथे खोका कुठे आहे?"

"हाताला काय माहीत?"

मेहुणा चारात गात राहिला, त्या पाचात वाजवत राहिल्या, आणि किरीटभाई मधल्या मधे साडेचारावर असावेत. मी एका रविवारी शेडमध्ये बसून हिशेब केला. चार आणि पाच यांचा लसावि वीस. म्हणजे दर विसाव्या ठोक्याला दोघांचं आवर्तन एकाच जागी संपायचं, आणि लगेच फाटायचं. पण त्या एका क्षणी मेहुण्याचा चेहरा असा काही उजळायचा की जणू पुढचे एकोणीस ठोके येणारच नाहीत.

जाहीर कार्यक्रम शेजारच्या वाडीत हळदीला झाला. एकशेचाळीस माणसं नाचायला उभी होती. पहिल्या मिनिटातच अर्ध्यांचे पाय गाण्याबरोबर आणि अर्ध्यांचे पिंपांबरोबर पडू लागले. नवऱ्या मुलाच्या आत्याचा पाय तिच्या दिरांच्या पायावर सहा वेळा पडला, आणि त्यांचं आधीच बोलणं बंद होतं. एक म्हातारी म्हणाली, "पोरांना आधी जेवायला वाढा गं, उपाशी वाजवतायत." अकराव्या मिनिटाला कोणीतरी "पंगत बसली!" असं ओरडलं आणि मांडव रिकामा झाला. किरीटभाईंनी कीबोर्ड पिशवीत घातला. "अरे भाई, आ शूं छे? एक जण जिना चढतोय, दुसरा उतरतोय, आणि मला म्हणता मधे उभा राहा!" एवढं बोलून तेही पंगतीला गेले आणि तिथून परस्पर तलासरीला.

सेकंदाला एक ठोका धरला तर अकरा मिनिटांत तेहेतीस वेळा दोघांचं जमलं होतं. मी हे मेहुण्याला सांगितलं, आणि इथेच माझं चुकलं. "तेहेतीस वेळा?" तो म्हणाला. "मग ते कुठेतरी रुजलं असणार, भावोजी. तुम्ही मोजत राहा. तुम्ही सांगाल तेच खरं धरीन."

पुढची दोन वर्षं मी त्याचे दावे तपासत फिरलो. वाणगावच्या बाजावाल्यांनी आपला ताल उचलला, असं त्याने कळवलं. मी वरातीबरोबर अर्धा तास चाललो. ताल चारचाच होता. मोठ्या ढोलवाल्याच्या चपलेचा अंगठा तुटला होता, म्हणून तो मधेच लंगडायचा. वरोरला होडी ओढणारे चार हिसके देऊन पाचव्याला दम खात होते. "दम खाणंसुद्धा संगीतच असतं," मेहुणा म्हणाला. मी ते धरलं नाही. किरीटभाईंनी गरब्यात चुकून पाचचा ठेका धरला आणि सात जण एकमेकांवर आपटले, ही बातमी पक्की होती. पण तो बँडमधलाच माणूस, त्याला प्रभावात कसा धरणार? शेवटी मेहुण्याने सरळ विचारलं, "एकूण किती झाले?" मी म्हणालो, "शून्य."

त्याने वाद घातला नाही. गिटार गोणपाटात गुंडाळून माळ्यावर टाकली आणि काळा टी-शर्ट घालणंही सोडलं. "तुमचं ते मोजणं आवरा जरा," बायको मला म्हणाली. "तो माझा भाऊ आहे, चिकू नाही." त्यानंतर फोनवर तो पाऊसपाणी बोलायचा, भाव बोलायचा, आणि ठेवता ठेवता हळूच विचारायचा, "काही सापडलं?" मी "नाही" म्हणायचो. खोटं कसं सांगणार?

मग २०१८ च्या नोव्हेंबरपासून आमच्याकडे जमीन हलू लागली. तलासरी-डहाणूकडची माणसं धक्क्यांच्या भीतीने घराबाहेर बसू लागली. आम्हीही मैदानात ताडपत्री बांधली. मी वहीत धक्क्यांच्या वेळा लिहीत होतो. एका दुपारी शेजारच्या ताडपत्रीखाली पाड्यावरची एक तरुण बाई मांडीवर बाळ घेऊन बसली होती. धक्का आला. भांडी खणखणली, माणसं उठून उभी राहिली, पण तिचा बाळाच्या पाठीवरचा हात काही थांबला नाही. माझं लक्ष त्या हाताकडे गेलं. दोन आणि तीन. मी दहा फेऱ्या मोजल्या. खात्रीसाठी आणखी दहा मोजल्या.

"हे असं थोपटायला कुठे शिकलीस, बाई?"

"शिकायचं काय त्यात, काका? घोलवडला पॅकिंगला जायचे मी, एकच हंगाम. तिथं एक बाई पिंप वाजवायची आणि एक शेट येड्यासारखा गायचा. गाणं नाय आठवत. हे हातात राहिलं. यानं पोर झोपतं."

मी तिथूनच फोन लावला. "एक," मी म्हणालो.

"एक काय, भावोजी?"

मी सगळं सांगितलं. गाणं आठवत नाही, हेही सांगितलं; आकडा सांगायचा आणि तपशील गाळायचा हे मला जमत नाही.

"बाळ झोपलं का?" त्याने विचारलं.

"झोपलं. धक्क्यातसुद्धा."

"थांबा, लक्षीबाईंना सांगतो," तो म्हणाला, आणि फोन तसाच चालू ठेवून शेडकडे पळाला. त्याच्या चपलांचा आवाज मला बराच वेळ ऐकू येत होता.

गिटार आता माळ्यावरून खाली आली आहे. घोलवडला गेलो की मी शेडमध्ये एका रिकाम्या खोक्यावर बसतो. तो अजून चारातच गातो, त्या पाचातच वाजवतात. एकोणीस ठोके ऐकवत नाहीत. विसाव्यासाठी मी बसून राहतो.