झाकलेली चूल

उत्खननाचा हंगाम संपला की खणलेले खड्डे बुजवायचे असतात. काल आम्ही शेवटचा बुजवला. त्याच्या तळाशी हजारो वर्षांपूर्वीच्या एका घराची जमीन होती आणि त्या जमिनीत मातीची चूल, काठ अजून काळेभोर.

ती सापडल्यापासून माझी झोप उडाली होती. शेळ्या आत उतरतील, बघायला येणारे तिच्यावर पाय देतील, कुणी गुप्तधनाच्या आशेने पहार घालील. सगळ्या कामाची जबाबदारी माझी, त्यामुळे दिवसभर मी खड्ड्याच्या काठावर येणाऱ्याजाणाऱ्यावर खेकसत उभा.

आधी चुलीवर वाळू पसरली. पुढे कुणी खणलंच, तर आम्ही कुठे थांबलो ते त्याला वाळूवरून कळावं. मग माती. घमेली रिकामी होत गेली तसा माझा जीव भांड्यात पडत गेला. इतकी वर्षं मातीनेच ही चूल सांभाळली होती, आणि माझ्यापेक्षा बरीच चांगली.

तरी कामावरच्या अनुसयाबाईंना मी विचारलं, "एवढं खपून उकरलं आणि पुन्हा झाकायचं. वाईट वाटतं का हो?"

"त्यात काय वाईट, साहेब? आम्ही रोज इस्तू राखेखाली झाकूनच निजतो. सकाळी लागतो ना चुलीला."

संध्याकाळी शेळ्यांचा कळप त्या जागेवरून निवांत चालत गेला. मी बसल्या जागेवरून उठलोसुद्धा नाही.